झेरॉक्स काढून परत द्या हं

परवा सकाळी पोहे खाता खाता ह्यांनी पेपरातली बातमी मोठ्याने वाचली, कुठल्याशा कर्जदाराला हायकोर्टातून राहत मिळाली म्हणून (आमच्या इंदूरच्या हिंदी पेपरात दिलासा नसतो, राहत असते), आणि वाचून झाल्यावर म्हणाले, चला, सुटला बिचारा. मी म्हटलं सुटला कुठे, आता कुठे त्याचे हप्ते सुरू झाले. ह्यांनी माझ्याकडे बघितलं, पेपर घडी करून ठेवला आणि शेव अजून आहे का विचारलं. आमच्या घरात हा विषय साधारण इतकाच चालतो.

पण आमच्या स्वतःच्या कर्जाचं लिहायचं कधीपासून मनात होतं.

ह्यांचं सांवेर रोडला छोटं युनिट होतं. पुठ्ठ्याचे खोके बनवायचो आम्ही, कोरोगेटेड म्हणतात ते, नमकीनवाल्यांना आणि औषधाच्या दोन कंपन्यांना माल जायचा. मशीनसाठी एक टर्म लोन आणि रोजच्या कामासाठी सीसी लिमिट, आणि दोन्हीला तारण काय तर लोकमान्य नगरचं राहतं घर, जे सासऱ्यांनी बांधलं, सासूबाईंच्या आणि ह्यांच्या नावावर. बँकेत सह्या करायला आम्ही तिघं गेलो होतो, सासूबाई नऊवारी नेसून, आणि तो पोरगा बोट ठेवत होता, इथे आंटी, इथे, आणि पान उलटून इथे. मी जामीनदार म्हणून सही केली. जामीनदार म्हणजे साक्षीदाराचा थोरला भाऊ असं काहीतरी माझ्या डोक्यात होतं. सरफेसी कायद्यात (ज्याखाली बँक थकलेल्या कर्जाचं तारण थेट ताब्यात घेते) जामीनदारही कर्जदारातच मोजतात हे मला चार वर्षांनी कळलं, तेही स्वतःचं नाव गेटवर चिकटलेलं वाचून.

२०२०चं काय सांगायचं. मार्च ते ऑगस्ट मोरॅटोरियम होतं, हप्ते भरले नाहीत तरी चालेल, पण व्याजाचं मीटर चालूच. नंतर सुप्रीम कोर्टाने सांगून ठेवलं होतं की ऑगस्ट अखेरपर्यंत जी खाती एनपीए (बुडीत) नव्हती ती तूर्त एनपीए करू नका, तो आडोसा २३ मार्च २०२१ला निघाला आणि लगेच एप्रिलमध्ये दुसरी लाट आली. औषधवाल्यांची ऑर्डर होती पण कागदाचे भाव भडकलेले, कामगार गावी, ह्यांना स्वतःला चौदा दिवस ऑक्सिजन लागला. नव्वद दिवस थकलं की खातं एनपीए होतं, आमचं जुलैत झालं. मला सांगितलं नाही. मला काहीच सांगितलं नाही, हा माझा अजूनचा राग आहे आणि तो मी इथे लिहून ठेवते.

ऑक्टोबरात ६० दिवसांची नोटीस आली, ७१ लाख आणि वरचे काही भरा नाहीतर कब्जा घेऊ. ह्यांनी ती देवघराखालच्या खणात ठेवली, जिथे उदबत्तीचे पुडे आणि जुनी पंचांगं असतात. त्यानंतरचा एक लिफाफा पोस्टमनला परत पाठवला. सासूबाई त्या देवघरापुढे रोज तासभर बसायच्या आणि त्यांच्या गुडघ्याजवळ ते ७१ लाख.

डिसेंबरच्या शेवटी एका सकाळी साडेअकराला बँकेची तीन माणसं आली. दार वाजवलं नाही. एकाने गेटवर कागद लावला, खळ इतकी होती की खाली ओघळून माझ्या रांगोळीवर आली, दुसऱ्याने घरासकट फोटो काढला आणि गेले. मी ओट्याशी होते, मला वाटलं पल्स पोलिओवाले असतील. बाहेर आले तर हिंदीत मोठ्या अक्षरात ‘आधिपत्य सूचना’, खाली तिघांची नावं, माझं माहेरचं मधलं नावसुद्धा चुकीचं लिहिलेलं.

आणि मी काय केलं? दुसरं कोणी वाचायच्या आत गरम पाण्याचं पातेलं आणि उलथणं घेऊन गेटपाशी बसले आणि तो कागद खरवडून काढला. वीस मिनिटं लागली. वरचा अर्धा भाग लगदा होऊन गेला, खालचा अर्धा निघाला तो घडी करून मी ब्लाउजमध्ये ठेवला. त्या वीस मिनिटांत समोरच्या काकू दोनदा गॅलरीत येऊन गेल्या. मी मान वर केली नाही.

वकील गाठला तो माझ्या भावाने. हायकोर्टापासून जवळ, रीगलच्या बाजूला ऑफिस, पायऱ्या चढताना दम लागतो. वकीलसाहेब मराठीच, आमच्या रामबागेतलेच निघाले. मी अर्धा कागद पुढे ठेवला. त्यांनी चष्मा काढला. “ताई, ही नोटीस फाडलीत?” म्हटलं खरवडली. “फोटो काढला होता?” नाही. “तारीख कुठंय?” तारीख वरच्या भागात होती. मुंशीजी मागे उभे होते, ते हळूच हसले, मला त्यांचा फार राग आला तेव्हा.

मग वकीलसाहेबांनी समजावलं ते मी माझ्या शब्दांत सांगते, कारण तेव्हा कोणी मला असं सांगितलं असतं तर बरं झालं असतं. ह्या कायद्यात बँकेला आधी कोर्टात जावं लागत नाही. दिवाणी दाव्यात जसं बँक दावा लावणार, तुम्ही जबाब देणार, पेशी पडत राहणार, तसं इथे नाही. बँक नोटीस देते, ६० दिवस थांबते, आणि सांकेतिक कब्जा घेते, म्हणजे कागदावर घर त्यांचं, आत तुम्ही. मग मोती तबेल्याला कलेक्टर ऑफिसात अर्ज देते आणि तहसीलदार पोलीस घेऊन येतो, तो खरा कब्जा. तुमची बोलायची पहिली जागा म्हणजे डीआरटी, कर्जवसुलीचं ट्रिब्युनल, आणि तिथे जायला कब्जाच्या कारवाईपासून ४५ दिवस. म्हणजे सगळी मोजणी ज्या तारखेपासून, ती तारीख मी उलथण्याने खरवडली होती.

(नंतर गंमत अशी झाली की १० जानेवारीला सुप्रीम कोर्टाने कोरोनामुळे सगळ्याच मुदती फेब्रुवारी अखेरपर्यंत धरायच्या नाहीत असं सांगितलं, पण आम्ही धावत होतो तेव्हा हे कोणाला माहीत होतं, आणि तहसीलदार यायचा तर त्याला मुदतीशी काय घेणं.)

वकील म्हणाले, कब्जाची सूचना सात दिवसांत दोन पेपरांत छापावी लागते, त्यातला एक इथल्या भाषेतला. तो पेपर आणा. आम्ही घेतो त्या पेपरात नव्हती. लेक म्हणाली, आई, समोरच्या काकूंकडे दुसरा पेपर येतो, विचार ना. मी दोन दिवस विचारलं नाही. तिसऱ्या दिवशी गेले. काकूंना मी नीट सांगितलंही नाही, नुसतं म्हटलं मागच्या आठवड्याचे पेपर आहेत का, जरा हवे होते. काकू आत गेल्या आणि रद्दीचा गठ्ठा आणायच्या ऐवजी एक जुनी डायरी घेऊन आल्या, त्यातून एक व्यवस्थित कापलेलं कात्रण काढून माझ्या हातात दिलं. आमचीच सूचना. चौकटीत. वरती पेपरचं नाव आणि तारीख, कात्रीने इतकं सरळ कापलेलं की काय सांगू.

“झेरॉक्स काढून परत द्या हं,” काकू म्हणाल्या.

परत? मी घरी येऊन रडले ते नोटिसीमुळे नाही, त्या ‘परत द्या’मुळे. म्हणजे ही बाई आमची नामुष्की कापून डायरीत जपून ठेवते आणि वर परत मागते. कोणाकोणाला दाखवलं असेल, भिशीत फिरलं असेल. त्या दिवसापासून मी त्यांच्याशी हळदीकुंकवापुरतंच बोलले. सानंदची नाटकं सोडली, कारण तिथे मध्यंतरात अर्धं रामबाग आणि अर्धं टिळक नगर भेटतं आणि सगळ्यांना माहीत असणार असं मला वाटायचं. कात्रण वकिलाकडे दिलं, परत करायचा प्रश्नच नव्हता.

आता डीआरटी. मध्य प्रदेशला एकच, जबलपूरला. आणि नेमकं तेव्हा तिथलं काम लखनऊच्या डीआरटीला जोडलेलं होतं. म्हणजे इंदूरच्या माणसाने सांवेर रोडच्या कर्जासाठी लखनऊला जायचं! आपल्या राज्याची बार कौन्सिल ह्यावर सुप्रीम कोर्टात गेली, आणि डिसेंबर २०२१मध्ये सुप्रीम कोर्टाने हायकोर्टांना सांगितलं की ही ट्रिब्युनलं नीट चालू होईपर्यंत लोकांच्या याचिका तुम्ही ऐका. आमच्या वकिलांना हा आदेश इतका ताजा ताजा मिळाला होता की मोबाइलवर उघडून त्यांनी मला दाखवला. एरवी हायकोर्ट अशा प्रकरणात हात घालत नाही, २०१०च्या सत्यवती टंडन निकालापासून सुप्रीम कोर्ट सारखं बजावत आलंय की कायद्याने दुसरी जागा दिलीय ना, मग आधी तिथे जा. ती दुसरी जागाच आमच्यासाठी बंद पडली होती म्हणून एमजी रोडवरच्या त्या इमारतीत आमची याचिका लागली. आमचं नशीब असं उलट बाजूने उघडलं.

आणि दुसरी गोष्ट ह्यांची. इतके लिफाफे लपवणाऱ्या माणसाने एक काम केलं होतं, नोटीस आल्यावर विसाव्या दिवशी हाताने एक अर्ज लिहून बँकेत नेऊन दिला होता आणि कॉपीवर शिक्का घेतला होता. अर्ज काय, तर सुप्रीम कोर्टाने २३ मार्चच्या त्याच निकालात सांगितलंय की मोरॅटोरियमच्या सहा महिन्यांत व्याजावर व्याज लावायचं नाही, लावलं असेल तर परत करा नाहीतर पुढे वळतं करा, आणि आमच्या हिशोबात ते तसंच लावलेलं आहे. फरक किती होता माहितीये? आठ हजार दोनशे. ७१ लाखांत आठ हजार दोनशे! मी म्हटलं अहो काय हे. वकील मात्र खुर्चीत पुढे सरकले. कायदा म्हणतो कर्जदाराने ६० दिवसांत हरकत घेतली तर बँकेने पंधरा दिवसांत कारणासकट उत्तर द्यायचं, मान्य नसेल तर का नाही ते सांगायचं. बँकेने उत्तरच दिलं नव्हतं. रक्कम आठ हजार असो नाहीतर आठ लाख, म्हणाले, उत्तर द्यायला हवं होतं. ह्यांच्या चेहऱ्यावर कितीतरी महिन्यांनी थोडं तेज आलं. शाळेत असताना शुद्धलेखनाला बक्षीस मिळालेल्या मुलासारखं.

सुनावणी किती वेळ चालली असेल? सहा-सात मिनिटं. मी डोक्यात सगळं भाषण तयार करून गेले होते, सासूबाईंचं वय, ह्यांचा ऑक्सिजन, तेरा कामगार. ह्यातलं काही कोणी विचारलं नाही. बँकेचे वकील उठले, आमचे उठले, हरकतीचा अर्ज, शिक्का, कब्जाची तारीख, कात्रण कुठल्या पानाला जोडलंय, मग जजसाहेबांनी थेट विचारलं, किती भरायला तयार आहात. इतकंच. वकिलांनी मागे वळून ह्यांच्याकडे बघितलं, ह्यांनी माझ्याकडे, आणि मी बोटं दाखवली, दहा. दहा लाख माझ्याकडे कुठे होते, पण बोटं दहाच असतात ना.

आदेश असा झाला की तीन आठवड्यांत चार लाख, पुढच्या सहा आठवड्यांत सहा लाख भरा, तोवर प्रत्यक्ष कब्जा घेऊ नये, बँकेने हरकतीचं उत्तर द्यावं, आणि एकही हप्ता चुकला तर संरक्षण आपोआप संपेल. बाहेर येऊन ह्यांच्या मित्राने पेढे वाटायला काढले. “स्टे मिळाला, आता दहा वर्षं बघायला नको.” ही जी माणसं असतात ना, प्रत्येक घराच्या संकटात एक असतोच, त्यांच्यामुळे निम्मी घरं बुडतात. स्टेमुळे व्याज थांबत नाही. एक पैसा माफ होत नाही. बाहेरच्या गेटवर तहसीलदार येऊन उभा राहायचा तो काही आठवडे उशिरा येणार, आणि त्या काही आठवड्यांचे दहा लाख. मी पेढा घेतला नाही. आणि खरं सांगते, मला ते चुकीचंही वाटलं नाही, पैसे आम्ही घेतले होते, बँकेतला पैसा म्हणजे माझ्या आईसारख्या कोणाकोणाच्या एफडीच ना. मला हवे होते ते फक्त दिवस. ऑक्टोबरातले जे ६० दिवस फुकट मिळाले होते ते खणात उदबत्त्यांबरोबर पडून राहिले, आणि आता तेच दिवस विकत घ्यायचे होते.

वकील सांगत होते की पूर्वी तर डीआरटीत नुसतं तोंड उघडायचं तरी मागणीच्या ७५ टक्के रक्कम आधी भरावी लागायची, २००४मध्ये मार्डिया केमिकल्सच्या निकालात सुप्रीम कोर्टाने ती अट काढून टाकली. आता डीआरटीत तशी अट नाही, पण तिथे हरून वरच्या ट्रिब्युनलला जायचं तर ५० टक्के, फार तर कमी करून २५. दिवसेंदिवस दार महाग होत जातं असं म्हणा.

चार लाख पाटल्या आणि गोठ मोडून झाले, सराफ्यात गेले तेव्हा आमच्या नेहमीच्या दुकानात न जाता दुसऱ्या गल्लीत गेले. सहा लाखांत भावाचे अडीच, माझी पीपीएफ, आणि एका नमकीनवाल्याने जुनी उधारी एकदम दिली, तो माणूस देवासारखा आला. शेवटचा हप्ता मुदतीच्या एक दिवस आधी भरला आणि पावतीचे तीन फोटो काढले. तोवर मी शिकले होते.

पुढे ट्रिब्युनल सुरू झाल्यावर प्रकरण जबलपूरला गेलं. ओव्हरनाइटने चार चकरा झाल्या, संध्याकाळी इंदूरहून बसायचं, पहाटे जबलपूर, स्टेशनवर तोंड धुवायचं, ह्यांचा तोच एक इस्त्रीचा शर्ट हँगरसकट गाडीच्या खिडकीला टांगलेला. तिथल्या बाकांवर सगळीकडे आमच्यासारखीच जोडपी. नवरा फाइल धरून आणि बायको नवऱ्याकडे बघत. एकीने मला विचारलं, तुमचं कुठलं आहे, म्हणजे कुठल्या गावचं नाही, कुठलं तारण. तिचं सागरचं दुकान होतं. तिला नीलामीची सूचना पेपरात आल्यावर जाग आली होती, आणि २०१६च्या दुरुस्तीनंतर ती सूचना छापून येईपर्यंतच पूर्ण पैसे भरून आपलं तारण सोडवायचा हक्क असतो, नंतर बँकेची मेहरबानी. ती माझ्याकडचे शेंगदाण्याचे लाडू खात म्हणाली, हमारे यहाँ तो पेपर ही नहीं आता दीदी.

शेवटी सुटलो ते ओटीएसने (बँकेशी एकदाची तडजोड), कोर्टाच्या निकालाने नाही. ओटीएस हा काही हक्क नसतो, सुप्रीम कोर्टाने तेही डिसेंबर २०२१लाच सांगून टाकलंय की बँकेने तडजोड केलीच पाहिजे असं हायकोर्ट फर्मावू शकत नाही. पण आम्ही दहा लाख वेळेवर भरले होते आणि नवीन आलेली मॅनेजर बाई आमच्याशी बसून बोलायला तयार झाली. मशीन विकलं, शेड सोडली, राऊकडचा एक प्लॉट होता लेकीच्या लग्नासाठी म्हणून घेतलेला तो विकला. कामगारांचा हिशोब केला त्या दिवशी ह्यांनी जेवण केलं नाही. शेवटचा पैसा जानेवारी २०२४मध्ये गेला. तोवर रिझर्व्ह बँकेचा नियम आला होता की सगळं फिटल्यावर ३० दिवसांत कागद परत द्यायचे, नाहीतर उशिराच्या प्रत्येक दिवसाला ५ हजार. सव्विसाव्या दिवशी मिळाले. मी मनातल्या मनात पुढचे दिवस मोजत बसले होते हे कबूल करते.

सासूबाईंना रजिस्ट्री हातात दिली तर त्यांनी सासऱ्यांची सही कुठे आहे ते विचारलं, बोट फिरवलं, आणि म्हणाल्या ह्या खणात ठेव, देवाखाली. मी म्हटलं नको, त्या खणात काही ठेवायचं नाही, आणि कपाटात कुलपात ठेवली. त्यांना ते आवडलं नाही.

वकिलांकडून फाइल आणली त्यात ते कात्रण होतं. दोन वर्षांत पिवळं पडलेलं, कडेला पंचिंगचं भोक. मनात आलं की बाईला आता नेऊन द्यावंच, म्हणावं घ्या तुमचं, प्रकरण मिटलं, ठेवा डायरीत. अशी तयारी करूनच गेले मी समोर. काकूंना दोन वर्षांत गुडघ्याचं ऑपरेशन झालेलं, मी विचारपूसही नीट केली नव्हती. कात्रण पुढे केलं. काकूंनी ते हातात घेतलं, चष्मा शोधला आणि पहिल्यांदा काय केलं तर उलटं केलं.

“अगं बाई, सापडलं! दोन संक्रांती गेल्या ह्याच्यावाचून.”

मागच्या बाजूला मुरैनाच्या गजकची कृती होती. महिलांच्या पानावरची, चौकटीत. पुढच्या बाजूला काय छापलंय ते काकूंनी वाचलं होतं की नव्हतं हे मी विचारलं नाही आणि त्यांनीही काही दाखवलं नाही. त्या दिवशी मी गेले तेव्हा, म्हणाल्या, तुला बघून वाटलं पेपर पाहिजे म्हणजे हेच पाहिजे असणार, सगळ्या कॉलनीत हीच कृती चालली होती.

मी सोफ्यावर बसले. काकू कागद डोळ्यांजवळ धरून वाचत होत्या, तीळ पाव किलो, तूप दोन चमचे, मग थांबल्या आणि भोकातून माझ्याकडे बघितलं.

“गूळ किती ते गेलंय की ग ह्यात.”